पिल्लाआधी त्याची आई पाहा

माननीय संपादक,

मे महिन्याच्या सुटीत मुलांच्या हट्टापायी अनेक घरांत कुत्र्याचे पिल्लू येते. हल्ली ते बहुधा मोबाइलवर फोटो पाहून, आगाऊ पैसे पाठवून, एखाद्या चौकात खोक्यातून ताब्यात घेतलेले असते. विक्रेता घरी बोलावत नाही, यातच खरे तर सगळे आले. कारण घरी गेल्यास पिल्लाची आई दिसेल, आणि वेतामागून वेत देऊन खंगलेली मादी पाहिल्यावर कोण पैसे मोजणार?

केंद्र सरकारच्या २०१७ च्या श्वान पैदास व विक्री नियमांनुसार पैदास करणाऱ्याने राज्य प्राणी कल्याण मंडळाकडे नोंदणी करणे बंधनकारक आहे. मादी दीड वर्षाची होईपर्यंत आणि आठ वर्षांनंतर तिची वीण करता येत नाही. वर्षातून एकच वेत आणि जन्मभरात जास्तीत जास्त पाच, अशी मर्यादा आहे. आठ आठवड्यांच्या आतील पिल्लू विकण्यासही मनाई आहे. पाच आठवड्यांचे पिल्लू अधिक गोजिरवाणे दिसते व लवकर खपते, पण चावा किती जोरात घ्यायचा हे ते आई आणि भावंडांमध्येच शिकते. शिवाय दूध अकाली तुटलेल्या, लसही न मिळालेल्या पिल्लाला पार्व्होसारखा विषाणूजन्य रोग सहज गाठतो. लागण झाल्यावर काही दिवस लक्षणे दिसत नसल्याने विकत घेताना उड्या मारणारे पिल्लू आठवडाभरात रक्ताच्या जुलाबांनी अंथरुणाला खिळते, आणि विक्रेत्याचा फोन तोवर बंद झालेला असतो.

केनेल क्लबच्या, म्हणजे जातिवंत कुत्र्यांची नोंद ठेवणाऱ्या संस्थेच्या, कागदांवर लोक फार भिस्त ठेवतात. त्यातून वंशावळ समजते. मादी कोणत्या अवस्थेत ठेवली आहे, ते समजत नाही. म्हणून पैदासदाराचे प्राणी कल्याण मंडळाकडील नोंदणी प्रमाणपत्र व पशुवैद्यकाच्या सहीचे लसीकरण कार्ड मागावे आणि पिल्लू आईजवळ असतानाच पाहावे. यांपैकी कशालाही टाळाटाळ झाली तर परत फिरावे. आजारी पिल्लाची दया येऊन ते विकत घेणारेही पुष्कळ असतात. त्यांचा हेतू चांगला असला तरी त्या पैशांवर त्याच मादीचे पुढचे वेत निघते. अशा वेळी तक्रार करणेच योग्य.

कायद्याचा धाक मात्र फारसा नाही. १९६० च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यात पहिल्या गुन्ह्याला १० ते ५० रुपये दंड आहे, तर एकेका पिल्लाचा भाव हजारांत असतो. त्यामुळे तूर्त ग्राहकाची चौकशी हाच त्यातल्या त्यात परिणामकारक अंकुश आहे, आणि त्याला आपल्या वृत्तपत्राचा हातभार लागू शकतो. छोट्या जाहिरातींमध्ये पिल्लांच्या विक्रीची जाहिरात घेताना पैदासदाराचा नोंदणी क्रमांक मागावा व तो जाहिरातीसोबत छापावा, ही विनंती.

आपला,
एक वाचक, पुणे