टोटो झालेली टेरी

नाशिक

प्रिय मित्रास,
सप्रेम नमस्कार.

तुझे पत्र पोहोचले. ‘द विझर्ड ऑफ ऑझ’ या हॉलिवूडपटातल्या टोटो या कुत्र्याने नायिका डोरोथीच्या मागे पळण्यापलीकडे केले तरी काय, हे तुझे म्हणणे मला मुळीच पटलेले नाही.

मुळात तो टोटो नव्हे, ती टेरी. केर्न टेरियर जातीची ही इवलीशी कुत्री १९३३ साली जन्मली. घरातले गालिचे ओले करते म्हणून मालकांनी तिला कार्ल स्पिट्झ या प्रशिक्षकाकडे धाडले आणि पुढे ती त्याच्याचकडे राहिली. १९३४ मध्ये शर्ली टेम्पल या बालतारकेबरोबर ‘ब्राइट आइज’ या चित्रपटात ती झळकलीही.

आपल्या नाशकात दादासाहेब फाळके हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनीचे मूकपट काढत, तेव्हा कॅमेऱ्यामागून कोणी कितीही ओरडले तरी पडद्यावर त्याचा मागमूस उरत नसे. बोलपट आले आणि जनावराला साधे ‘बस’ म्हणण्याचीही चोरी झाली. स्पिट्झने म्हणूनच आपली कुत्री हाताच्या मूक खुणांवर तयार केली. आता डोरोथी झालेल्या जूडी गार्लंडचे इंद्रधनुष्याचे गाणे पुन्हा पाहा. शेतातल्या अवजाराच्या बैठकीवर बसून टेरी आपला पंजा तिच्या हाती देते, आणि चौकटीबाहेर कुठेतरी एक हात हलत असेल अशी शंकाही आपल्याला येत नाही. सोबत्यावर माया दाखवायची आणि लक्ष मात्र भलत्याच माणसाकडे ठेवायचे, हे आपल्या कित्येक नटांना साधत नाही! (नावे घेत नाही, तुला ठाऊक आहेत.)

चित्रीकरणात चेटकिणीच्या एका पहारेकऱ्याचा पाय तिच्या पंजावर पडला, तेव्हा ती बरी होईपर्यंत दुसरे कुत्रे उभे करावे लागले. आज आपल्याकडे चित्रपटात प्राणी वापरायचा तर प्राणी कल्याण मंडळाची परवानगी लागते. ही कटकट आहे असे म्हणणाऱ्यांनी तो पंजा आठवावा. तिचे मानधन आठवड्याला १२५ डॉलर होते, जे अर्थात स्पिट्झच्या खिशात गेले.

१९३९ च्या त्या चित्रपटानंतर तिचे नावही टोटोच झाले. १९४५ मध्ये ती वारली. स्पिट्झच्या जागेतले तिचे थडगे पुढे महामार्गाच्या बांधकामात गेले आणि स्मारक उभे राहायला २०११ साल उजाडले. तेव्हा गाणे पुन्हा पाहून तुझे मत कळव. वाद घालायला मी तयार आहे.

तुझा,
स्नेहाकांक्षी