अपील दाखल झालं म्हणून मनाई हुकूम उठत नाही

मा. गृहमंत्री, महाराष्ट्र राज्य, यांस,
स. न. वि. वि.

दक्षिण सोलापूर तालुक्यात आमची ज्वारीची जमीन आहे. बांधावरून वाद झाला, दावा लागला. मोजणी, साक्षीपुरावे सगळं होऊन दिवाणी न्यायालयाने आमचा कब्जा मान्य केला आणि प्रतिवादीला त्यात ढवळाढवळ करायला कायमची मनाई केली. त्याने जिल्हा न्यायालयात अपील केलं. तो त्याचा हक्क आहे, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण अपिलाला नंबर पडताच त्याने ट्रॅक्टर घालून बांध मोडला आणि हुरड्यात आलेल्या पिकात जनावरं सोडली.

ठाण्यात गेले तेव्हा उत्तर मिळालं, "अपील चालू आहे, दिवाणी मॅटर आहे, कोर्टातून ऑर्डर आणा." अदखलपात्र नोंदीचा, म्हणजे कोर्टाच्या हुकमाशिवाय पोलीस ज्याचा तपास करत नाहीत अशा नोंदीचा, कागद देऊन मला परत पाठवलं. कोर्टाचा हुकूमनामा तेव्हा माझ्या हातातच होता.

साहेब, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम ५ मध्ये स्वच्छ लिहिलं आहे की नुसतं अपील केल्याने हुकूमनाम्याला स्थगिती मिळत नाही. ती वेगळा अर्ज करून मागावी लागते आणि अपील न्यायालयाने द्यावी लागते. ती मिळेपर्यंत मनाई जशीच्या तशी लागू असते. धाकदपटशा करण्यासाठी दुसऱ्याच्या ताब्यातल्या जमिनीत घुसणं हा भारतीय न्याय संहितेच्या कलम ३२९ खाली दखलपात्र गुन्हा आहे. तिथे अदखलपात्र नोंद कशी चालते?

दरखास्त, म्हणजे हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीचा अर्ज, करा, असा सल्ला मिळतो. आदेश २१, नियम ३२ खाली मनाई मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते, त्याला दिवाणी कैदही होऊ शकते. पण नोटिसा, म्हणणं, तारखा यांत पेरणीचा हंगाम निघून जातो. आणि जिल्हा न्यायालयानंतर दुसरं अपील आहेच. सोलापूरकरांना त्यासाठी आता मुंबईऐवजी ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालेल्या उच्च न्यायालयाच्या कोल्हापूर सर्किट बेंचकडे जाता येतं, ही सोय मोठी आहे. पण तोवर शेत कुणी राखायचं? माझी आई रात्री एकटी वस्तीवर असते.

पोलिसांनी मालकी ठरवावी असं मी म्हणत नाही. ते कोर्टाचं काम आहे आणि कोर्टाने ते केलं आहे. आपण सर्व ठाण्यांना एक परिपत्रक काढावं. मनाईचा हुकूमनामा घेऊन कुणी आलं तर ठाणे अंमलदाराने समोरच्याकडे स्थगितीचा आदेश मागावा. सीएनआर क्रमांक, म्हणजे प्रत्येक प्रकरणाला मिळणारा स्वतंत्र क्रमांक, टाकला की न्यायालयांच्या ई-कोर्ट्स संकेतस्थळावर प्रकरणाची स्थिती तिथल्या तिथे पाहता येते. स्थगिती नसेल तर घुसखोरी थांबवावी, पंचनामा करावा, गुन्हा दखलपात्र ठरत असेल तर तसाच नोंदवावा. नकार द्यायचा असेल तर तो कारणासह लेखी द्यावा, म्हणजे तो कागद आम्हाला कोर्टापुढे ठेवता येईल.

पुढच्या रब्बीच्या पेरणीआधी हे परिपत्रक निघावं, ही कळकळीची विनंती.

आपली,
दक्षिण सोलापूर तालुक्यातील एक शेतकरी