केस चालू असली तरी पासपोर्ट मिळतो

महोदय,

चेक न वटल्याची केस, ४९८-अ (विवाहितेच्या सासरी छळाची केस), बांधावरची मारामारी किंवा आंदोलनातला गुन्हा अंगावर असला की ‘आता निकाल लागेपर्यंत पासपोर्ट विसरा’ असे सर्रास सांगितले जाते. हे खरे नाही. शिवाय याच भीतीपोटी लोक अर्जात केस दडवतात आणि खरे अडकतात ते तिथे. माहिती लपवून काढलेला पासपोर्ट जप्त होतो, वर पासपोर्ट कायद्याच्या कलम १२ खाली दोन वर्षांपर्यंत कैद किंवा ५,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही.

१९६७च्या पासपोर्ट कायद्याचे कलम ६(२)(एफ) म्हणते की, फौजदारी न्यायालयात खटला प्रलंबित असेल तर पासपोर्ट नाकारावा. नुसता एफआयआर म्हणजे खटला नव्हे. न्यायालयाने गुन्ह्याची दखल घेतल्यावरच तो प्रलंबित धरायचा, असे परराष्ट्र मंत्रालयाने १० ऑक्टोबर २०१९च्या ज्ञापनात स्पष्ट केले आहे. तरीही तपासावर असलेल्या गुन्ह्यावरून पोलीस पडताळणीत प्रतिकूल शेरा पडतो. पासपोर्ट कार्यालयाची नोटीस आली की गप्प न बसता या ज्ञापनाचा हवाला देऊन लेखी उत्तर द्यावे. घटस्फोटाचा दावा किंवा जमिनीचा दिवाणी वाद यात येतच नाही. चेकची केस मात्र फौजदारी असल्याने येते, हे अनेकांच्या लक्षात राहत नाही.

खटला उभा राहिला असेल, तर २५ ऑगस्ट १९९३ची अधिसूचना (जीएसआर ५७०) वाट मोकळी करते. जिथे खटला चालू आहे त्याच कोर्टात परदेशी जाण्याची परवानगी मागायची. दोन कोर्टांत दोन केसेस असतील तर दोन्हीकडचे आदेश लागतात. आदेशाची सही-शिक्क्याची नक्कल आणि ‘कोर्टाने बोलावल्यास हजर राहीन’ असे हमीपत्र पासपोर्टच्या अर्जाला जोडायचे.

घोळ होतो तो आदेशाच्या शब्दांत. ‘पासपोर्ट काढण्यास हरकत नाही’ एवढीच ओळ असली तर फाइल अडते, कारण अधिसूचनेला देशाबाहेर जाण्याची परवानगी हवी असते. मुदत लिहिलेली नसेल तर पासपोर्ट एकाच वर्षाचा मिळतो. आखाती देशांत व्हिसासाठी साधारणपणे सहा महिन्यांची मुदत शिल्लक लागते, म्हणजे हातात आलेल्या वर्षातले निम्मेच उपयोगाचे. म्हणून कोर्टातल्या अर्जाच्या विनंती कलमात (शेवटी नेमके काय हवे ते मागतात त्या भागात) दोन गोष्टी वेगवेगळ्या मागाव्यात: प्रवासाची परवानगी, आणि पासपोर्ट किती वर्षांचा हवा ते आकड्यात. जामिनात ‘देश सोडू नये’ अशी अट असेल तर ती शिथिल करण्याची मागणीही त्याच वेळी करावी. पासपोर्ट दहा वर्षांचा मिळाला तरी ती अट आपोआप सुटत नाही. विमानतळावरून परत यावे लागण्यापेक्षा हे आधी केलेले बरे.

निर्दोष सुटलेल्यांचे हाल वेगळेच. पोलीस ठाण्याच्या नोंदीत निकाल चढलेला नसतो आणि जुनी केस पुन्हा वर येते. त्यांनी निकालाची नक्कल पासपोर्ट कार्यालयाबरोबरच संबंधित ठाण्यातही द्यावी आणि पोच घ्यावी. खरे तर निकाल लागताच ही नोंद ठाण्यांनीच करायला हवी. गृह विभागाने त्यासाठी मुदत ठरवून द्यावी, आणि तालुका वकील संघांनी परवानगीच्या अर्जाचा मराठी नमुना फलकावर लावावा, ही विनंती.

– एक वकील, सातारा