फोटोतल्या त्या ‘सहकलाकारा’ला नाव आहे

मा. संपादक, स.न.वि.वि.

रविवारच्या पुरवणीतला चार्ली चॅप्लिनवरचा लेख आवडला, पण त्यातल्या फोटोखाली ‘चॅप्लिन आणि सहकलाकार’ एवढंच छापलंय ते जरा खटकलं. तो राक्षसी भुवयांचा, दाढीवाला धिप्पाड माणूस म्हणजे एरिक कॅम्पबेल. मूकपट बघणाऱ्यांना त्याचा चेहरा पाठ असतो, नाव मात्र कुणाला विचारा, सांगता येत नाही.

चॅप्लिनने 1916-17 मध्ये म्युच्युअल कंपनीसाठी 12 छोटे चित्रपट केले आणि त्यातल्या 11 मध्ये हा माणूस आहे. उरलेला एक म्हणजे ‘वन ए.एम.’, त्यात दारू पिऊन घरी आलेला चॅप्लिन जवळपास एकटाच सगळं करतो, म्हणजे तिथे याला जागाच नव्हती. दोघंही इंग्लंडच्या फ्रेड कार्नोच्या नाटक कंपनीत तयार झालेले, त्यामुळे लाथ कधी मारायची, पडायचं कसं, समोरचा वळेपर्यंत किती थांबायचं हे दोघांच्याही अंगात मुरलेलं होतं. उंची सहा फुटांच्या बरीच वर, वजनही तसंच दांडगं. भुवया आणि दाढी मात्र बहुतेक वेळा चिकटवलेल्या!

‘ईझी स्ट्रीट’ (1917) बघाच. नवीन पोलीस झालेला चॅप्लिन गल्लीतल्या गुंडाच्या, म्हणजे कॅम्पबेलच्या, डोक्यात दंडुके घालतोय आणि याला काही पत्ताच नाही, मग ताकद दाखवायला हा रस्त्यावरचा गॅसचा दिवा हातानं वाकवतो, तेवढ्यात चॅप्लिन पाठीवर उडी मारून त्याचं डोकं त्याच दिव्यात कोंबतो, गॅस सोडतो आणि वर भूल देणाऱ्या डॉक्टरसारखी नाडी बघतो. यात हसू चॅप्लिनला मिळतं हे खरं, पण कॅम्पबेलने आधी खरोखरची भीती घातली नसती तर ते आलं असतं का? दिव्याच्या या प्रसंगाचं शूटिंग करताना चॅप्लिनच्या नाकाला चांगलीच इजा झाली आणि काम थांबलं होतं, म्हणजे ही मारामारी दिसते तेवढी सोपी नव्हती.

‘द इमिग्रंट’मधला वेटर पण तोच. आधी त्या भूमिकेत हेन्री बर्गमन होता, काही शूटिंगही झालं होतं, पण चॅप्लिनने ते बाजूला ठेवून कॅम्पबेलला घेतलं. मला विचाराल तर सगळा चित्रपट तिथे फिरला. दहा सेंट कमी पडले म्हणून एका गिऱ्हाइकाला बदडणारा हा वेटर चॅप्लिनने दिलेलं नाणं दाताखाली धरतो, ते वाकतं, आणि मग त्याची ती नजर! एक अक्षर न बोलता.

पुढची कहाणी वाईट आहे. 1917 च्या उन्हाळ्यात कॅम्पबेलची बायको अचानक वारली, पाठोपाठ मुलीला मोटारीने ठोकरलं (ती वाचली), मग काही दिवसांच्या ओळखीवर केलेलं दुसरं लग्न दोन-तीन महिन्यांत कोर्टात गेलं. 20 डिसेंबर 1917 ला लॉस एंजेलिसमध्ये स्वतःच गाडी चालवताना अपघातात तो गेला, दारू प्यायलेला होता म्हणतात. चाळिशीही गाठली नव्हती. चित्रपटातलं करिअर जेमतेम दोन वर्षांचं, अस्थी तर कितीतरी वर्षं कुणी न्यायलाच आलं नाही, 1952 मध्ये कुठे त्या रोझडेल स्मशानभूमीत पुरल्या गेल्या.

लेखात चॅप्लिनचे नंतरचे मोठे चित्रपट जास्त ग्रेट ठरवलेत, त्यावर वाद घालत नाही. पण नंतर त्याच्यासमोर असा ठरलेला, प्रत्येक वेळी नव्या वेशात येणारा खलनायक पुन्हा उभा राहिला नाही आणि मला तरी ती उणीव जाणवते.

हे बाराही चित्रपट आता कॉपीराइटमुक्त आहेत, यूट्यूबवर फुकट मिळतात, फक्त जुन्या घाईघाईत पळणाऱ्या कॉप्या टाळून रिस्टोअर केलेल्या बघाव्यात. आणि तो फोटो वेब आवृत्तीत अजून आहे, तेवढी त्याखालची ओळ बदलता आली तर बघा.

आपला एक नियमित वाचक, पुणे