एमएच ०९ पासिंग

दिल्या,

शिव्या आधीच देऊन घे, मग पुढचं वाच. सिएटलनं जात हा शब्द भेदभावाविरुद्धच्या कायद्यात घातला ती बातमी तू पाठवलीस, फेब्रुवारी २०२३, अमेरिकेतलं पहिलं शहर, आणि मी त्यावर नुसता अंगठा पाठवला. त्यानंतर गप्पच. कारण काय नाही, लाज म्हण.

आईची शुगर आहे तशी आहे. माझा गुडघा पण आहे तसाच. बाकी बरंय.

आता मुद्द्याचं. मी आमचं गावातलं घर हलवलं लेका. विटा न हलवता, नुसत्या तोंडानं.

झालं असं की आमच्या घरमालकानं पोराचं लग्न काढलंय, दिवाळीच्या आधी खोल्या सोडा म्हणाला. गावाकडं जायची सोय नाही, २०१९ च्या पुरात काय झालं ते तू बघितलंयस, उरली होती ती मागची भिंत २०२१ ला बसली. त्यात पोरीची बारावी. दोन महिने गाडीवरनं नुसता फिरालोय. जागा आवडते, भाडं जमतं, मग मालक पूर्ण नाव विचारतो, मग गाव, मग खरी गोष्ट सुरू होते. तुला पुण्यात व्हेज का नॉनव्हेज विचारायचे, तसं इथं विचारून भागत नाही, विचारणारा स्वतःच रविवारी मटणाच्या दुकानासमोर डबा घेऊन उभा असतो. तांबड्या-पांढऱ्यावरनं कोल्हापुरात माणूस कळत नाही. म्हणून मग ‘पाहुणं कुठलं?’ दोन शब्दांत सातबारा निघतोय बघ.

दोन ठिकाणी मी सरळ सांगितलं. एकाचा पुतण्या अचानक राहायला येणार झाला, दुसऱ्या ठिकाणी एजंटनं फोन उचलायचंच बंद केलं. वाईट कोण बोललं नाही हं. इथं कोण वाईट बोलत नाही, शाहूंची नगरी आहे.

तिसरी जागा रंकाळ्याच्या अंगाला. वरचा मजला, गॅलरीतनं पाणी दिसतं, आईला लिफ्ट नको कारण जिना बाराच पायऱ्यांचा. मालक ऐंशीच्या पुढचा, आणि खरंच सांगतो, भला माणूस. चहा आला, मी मास्तर म्हटल्यावर गडी खुलला आणि वळिवड्याच्या पोलिश कॅम्पाचं सांगायला लागला. पाच हजार माणसं, बायका-पोरंच जास्त, रशियानं उचलून सैबेरियात टाकलेली, तिथनं कुठं कुठं फिरून १९४३ ला इथं आली आणि १९४८ पर्यंत राहिली. ती गेल्यावर फाळणीतली सिंधी माणसं आली, त्याचं गांधीनगर झालं (जिथनं तू तो लग्नाचा भयाण मरून कोट आणलास). म्हाताऱ्याचे वडील म्हणे त्या कॅम्पात दूध घालायचे. ‘रंगानं येगळी, भाषा कळत न्हाई, देवबी येगळा, तरी आपल्या कोल्हापूरनं घर दिलं का न्हाई सर?’ असं म्हणताना त्याच्या डोळ्यांत पाणी आलं. खोटं नव्हतं ते. मग बशी खाली ठेवली आणि त्याच सुरात, ‘बरं, गावात घर कुठल्या आळीला म्हणालासा?’

मी म्हणालोच नव्हतो.

कपावर साय धरत होती. बशीचा एक टवका उडालेला, मी त्याच्यावरनं अंगठा फिरवत बसलो. त्याच्या डोक्यामागं भिंतीवर शाहू महाराजांचा फोटो. दर २६ जूनला, जयंतीला, मी पोरांना अस्पृश्य गंगाराम कांबळेच्या हॉटेलची गोष्ट सांगतो, महाराज गाडी थांबवून त्याच्या हातचा चहा घ्यायचे, सोबतच्यांनाही घ्यायला लावायचे, सांगताना माझा आवाज पण चढतो. आणि इथं चहा माझ्या हातात, महाराज समोर, आणि तोंडातनं काय आलं? ‘मारुतीच्या देवळामागं.’

‘म्हंजे पाटलाच्या वाड्याजवळ.’

‘हां, तिथंच.’

मारुतीच्या देवळामागं! माझ्या आज्यानं त्या देवळाची पायरी कधी चढली नाही. मी एमएला असताना तुला रात्री वाचून दाखवायचो बघ, आणि तू घोरायचास. ग्रामीण साहित्याचा पेपर वेगळा आणि दलित साहित्याचा वेगळा. गाव तेच, पण मळा, मोट, वाडा, पार सगळं एका पेपरात आणि आपली घरं दुसऱ्यात. मी त्या म्हाताऱ्यापुढं दोन सेकंदात पेपर बदलला.

वीस हजार टोकन देऊन खाली उतरलो. तुझी वहिनी एक शब्द बोलली नाही. गाडीवर बसली की ती माझ्या खांद्यावर हात ठेवते, त्या दिवशी तिनं मागची दांडी धरली. घरापर्यंत.

आता कळलं असेल हे तुलाच का लिहितोय. तू गॅझेटात कांबळे काढून गावाचं नाव लावलंस तेव्हा मेसमध्ये सगळ्यांदेखत मी बाबुराव बागुलांचं ते १९६३ चं पुस्तक तुझ्या ताटाशेजारी आपटलं होतं, ‘जेव्हा मी जात चोरली होती’, घे वाच, तुझंच आहे म्हणालो. भाड्याच्या खोलीसाठी चोरलेली जात. वर्गात आजही शिकवतो. तू एवढंच म्हणालास, ‘मला पुण्यात खोली पाहिजे,’ आणि जेवण टाकून उठलास. मी बापाचं नाव, बाबासाहेब, स्वाभिमान, काय काय झोडलं. मग तीन वर्षं अबोला, तुझ्या लग्नात बोललो ते पण मटण झकास झालंय म्हणून. (कोटाबद्दल बोललो नाही हे उपकार समज.)

पण एक गोष्ट तेव्हा तू माझ्या तोंडावर मारायला पाहिजे होतीस. माझं आडनाव त्यांच्यातही आहे आणि आपल्यातही. तुला कांबळे म्हटलं की संपलं, मला पुढचा प्रश्न विचारल्याशिवाय कळत नाही. आणि नोकरीत, बसमध्ये, लग्नाच्या पंगतीत दहातले आठ जण पुढचा प्रश्न विचारतच नाहीत. मी कधी लपवलं नाही असं छाती काढून सांगत होतो, पण मला लपवायला लागलंच कुठं? तू सगळं किंमत मोजून केलंस, मी फुकटात ताठ राहिलो.

२०१६ ला तू आलास तेव्हा रंकाळ्यावर भेळ खाताना सांगितलं होतंस, तिकडं अमेरिकेत गोऱ्या कातडीची काळी माणसं गाव सोडून गोरी म्हणून राहायची, त्याला पासिंग म्हणतात. एक थेंब काळं रक्त असलं तरी काळाच, असा व्हर्जिनियात १९२४ ला कायदाच होता. मी म्हटलं आपल्याकडं पासिंग एकच, एमएच ०९. केवढं हसलो, तुझ्या नाकातनं शेव आली. पण त्यापुढचं तू हळू बोललास ते आता आठवालंय. अशा माणसांना परत आईला भेटता यायचं नाही, रस्त्यात दिसली तर ओळख दाखवायची नाही.

आई आमच्याबरोबर येणाराय दिल्या. ती दार उघडते तेच जयभीम म्हणून, दूधवाला असो नाहीतर कुरियरवाला. तिला काय सांगू?

दोनदा वाटलं म्हाताऱ्याला फोन करून सांगून टाकावं. परवा लावला पण, रिंग गेल्यावर कट केला. त्यानं उलट केला. पोटात गोळा. म्हणाला, ‘सर, नळाला पाणी सहाला येतंय, आईस्नी सांगून ठेवा, आणि जिन्यात बल्ब लावलाय.’ मी थँक्यू म्हणालो.

तुझं काय? वहिनींना नोकरी मिळाली का, तुझ्या कंपनीतनं माणसं काढालेत म्हणे, तू आहेस ना अजून? पोरगा गाडी चालवतो ऐकलं, जपून म्हणावं. तू विमानात बसताना म्हणाला होतास, जोतिबांनी १८७३ ला ‘गुलामगिरी’ पुस्तक अमेरिकेच्या लोकांना अर्पण केलं, मी मलाच करतोय. तो जोक मी अजून स्वतःचा म्हणून सांगतो.

एक तारखेला टेम्पो सांगितलाय. बाबासाहेबांचा आणि बुद्धाचा फोटो आईनं तिच्या जुन्या लुगड्यात गुंडाळलाय, टेम्पोत द्यायची नाही, रिक्षातनं मांडीवर घेऊन येणार. काल पोरीनं विचारलं, ‘पप्पा, नव्या घरात फोटो हॉलमध्ये लावायचा का आत?’

म्हटलं बघू.

‘म्हणजे आत,’ म्हणाली आणि अभ्यासाला बसली.

तुझ्या घराच्या दारावर पाटी आहे का रे? काय लिहिलंयस? फोटो काढून पाठव. आणि फोन करणार असशील तर आमच्या रात्री दहानंतर कर, आई झोपल्यावर.

तुझा,
बंड्या