राख फासलेला प्रत्येक जण अघोरी नसतो

मा. संपादक साहेब, नमस्कार.

मागच्या रविवारच्या पुरवणीत सिंहस्थाच्या तयारीवर पान होतं, छान होतं, पण वरच्या मोठ्या फोटोखाली 'अघोरी साधूंचा जथा' असं छापलंय आणि फोटोत मागे आखाड्याची, म्हणजे साधूंच्या संघटनेची, धर्मध्वजा सरळसरळ दिसतेय, म्हणजे ते नागा साधू. त्याच दिवशी आतल्या पानावर गुप्तधनासाठी कुणीतरी कोंबडं कापून खड्डा खणल्याची बातमी आणि तिचं हेडिंग 'अघोरी प्रकार उघड'. आता वाचणाऱ्याने काय समजायचं, पुरवणीतली मंडळीच रात्री खड्डे खणत फिरतात?

माझं त्र्यंबकला मेडिकल आहे. २०१५ च्या सिंहस्थात दुकान रात्री बारापर्यंत उघडं असायचं. एका संध्याकाळी धो धो पाऊस चालू होता आणि एक नागा बाबा काउंटरवर आले, अंगाला राख, गळ्यात रुद्राक्ष, खांद्याला झोळी, बाकी काही नाही. चार गिऱ्हाईकं होती ती बाजूला सरकली, एका ताईंनी पोराचे डोळे झाकले, एका पोरग्याने लगेच मोबाईल काढला. बाबांनी पाय वर करून दाखवला तर टाचेला एवढ्या भेगा की आत चिखल बसलेला. मी मलम दिलं, पैसे राहू द्या म्हटलं तर ऐकेनात, झोळीतून चुरगळलेली पन्नासची नोट काढली आणि उरलेले सुट्टे दोनदा मोजून घेतले. तेवढ्यात मोबाईलवाला म्हणतो, 'अघोरी हो क्या बाबा?' तर काय भडकले! 'अघोरी नहीं, जूना अखाड़ा!' सातारकराला तुम्ही कोल्हापूरचे का म्हटल्यावर होईल ना, तसं.

आणि त्यांचा राग बरोबरच होता, कारण हे दोन प्रकार वेगळे आहेत. नागा हे आखाड्याचे. एकूण १३ आखाडे, त्यातले वैष्णवांचे तीन नाशिकला रामकुंडावर आंघोळ करतात आणि बाकीचे दहा आमच्याकडे कुशावर्त कुंडावर, कारण आधी कोण उतरणार यावरून पेशव्यांच्या काळात मोठी हाणामारी झाली आणि तेव्हापासून दोन्हीकडच्या जागा वेगळ्या झाल्या. या दहांतले जे शैव आखाडे त्यांच्यात नागा असतात. नागा व्हायचं तर आधी वर्षानुवर्षं गुरूची सेवा, मग स्वतःचं पिंडदान करायचं, आखाड्यात महंत, कोतवाल अशी पदं, मिरवणुकीत कोण कुणाच्या पुढे हेसुद्धा ठरलेलं. म्हणजे अंगावर कपडे नसले तरी शिस्त आमच्या नगरपालिकेपेक्षा जास्त.

अघोऱ्यांचं तसं नाही. त्यांची मुख्य गादी काशीत, बाबा कीनारामांची, क्रींकुंडावर. स्मशानात बसणं, कवटीतून पिणं, वेळप्रसंगी प्रेताचं मांस, हे त्यांच्यात आहे, मी नाही म्हणत नाही आणि त्याचं समर्थनही करत नाही. २०१७ मध्ये एका अमेरिकन चॅनेलच्या अँकरने काशीला जाऊन अशाच एका बाबाजवळ बसून माणसाच्या मेंदूचा तुकडा खाऊन दाखवला आणि तिकडचे हिंदू चांगलेच खवळले. पण त्याच परंपरेतल्या भगवान राम नावाच्या अवधूतांनी १९६१ साली काशीत संस्था काढली आणि गंगेपलीकडे पडावला कुष्ठरोग्यांसाठी आश्रम उभा केला. ज्यांना घरच्यांनी टाकलं त्यांच्या जखमा धुवायच्या, कारण घाण वाटणं हेच तर मोडायचंय, प्रेताची काय आणि सडलेल्या बोटांची काय. आनंदवन आपल्याला माहितीये, पडाव किती जणांना माहितीये? पण कवटी घेतलेल्या बाबाची रील सगळ्यांनी बघितलेली असते.

मूळ शब्द बघा, अ-घोर, म्हणजे जे घोर नाही ते. शंकराच्या पाच मुखांतलं एक अघोर. इथे मंदिरात रुद्र, म्हणजे शंकराचं वेदातलं स्तोत्र, म्हणतात त्यात 'अघोर' हा शब्द देवाच्या सौम्य रूपासाठी येतो, आणि बाहेर येऊन पेपर उघडला की तोच शब्द नरबळीसाठी. २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्याच्या लांबलचक नावातही 'अनिष्ट व अघोरी प्रथा' आहेच. कायदा चांगला आहे, हवाच होता, गैरसमज नको. पण शब्द पार उलटा होऊन बसलाय हे खरंय, आणि एवढ्या वर्षांनी तो सरळ होईल असं मलाही वाटत नाही.

अजून एक. माझ्या गल्ल्याच्या वर शेगावच्या गजानन महाराजांचा फोटो आहे, दिगंबर, हातात चिलीम. १८७८ साली ते लोकांना पहिल्यांदा दिसले तेव्हा उष्ट्या पत्रावळीवरची शितं वेचून खात होते, आणि रेल्वेत नागवे बसले म्हणून खटला झाल्याची गोष्ट तर पोथीतच आहे. त्या दिवशी पोराचे डोळे झाकणाऱ्या ताई निघताना त्या फोटोला हात जोडून गेल्या. मी काही बोललो नाही, गिऱ्हाईक आहे. फ्रेम नसेल तर आपल्याला कळतच नाही बहुतेक.

सगळे नागा संत असतात असं माझं म्हणणं अजिबात नाही, चिलमीच्या नादाने आलेले आणि उधारी बुडवून गेलेलेही मी बघितलेत. विनंती एवढीच की २०२७ चा सिंहस्थ तोंडावर आहे, आता रोज फोटो येणार, तर खाली 'नागा साधू' आणि आखाड्याचं नाव टाकत जा. फोटोग्राफरला सांगा फक्त विचारायचं. लगेच सांगतात. न विचारताही सांगतात.

आपला,
एक मेडिकलवाला, त्र्यंबकेश्वर