ते सात सेकंद

चि. मनूस,
अनेक आशीर्वाद.

काल फोनवर म्हणालीस, "आई, सहा आठवडे नुसतं लॉगिंग करतेय. हे कारकुनी काम आहे." वैतागली होतीस, म्हणून गप्प बसले. फुटेज पाहून कुठे काय आहे ते टिपत बसायचं, म्हणजे कारकुनी आहेच. पण आपण काय टिपलं असं दिग्दर्शकाला वाटतं, ते त्याच्या डोक्यात असतं. कॅमेऱ्यात खरंच काय आलंय, हे आत्ता फक्त तुला ठाऊक आहे. कथापटाच्या संकलकापुढे पटकथा असते. आपल्याला, माहितीपटवाल्यांना, ती फुटेजमधून शोधावी लागते. 'हूप ड्रीम्स' या माहितीपटासाठी (१९९४) सुमारे २५० तासांचं चित्रण झालं होतं आणि पडद्यावर आले तीन तासांपेक्षाही कमी. त्या संकलनाला ऑस्करचं नामांकन मिळालं, पण त्याआधी कुणीतरी ते सगळं बसून पाहिलंच असेल ना?

पडद्यावरच्या नावाचं म्हणशील, तर 'गिम्मी शेल्टर' या माहितीपटात (१९७०) मेझल्स बंधूंच्या जोडीने शार्लट झ्वेरिनचं नाव दिग्दर्शक म्हणून आहे. मुळात ती संकलक. असं सगळ्यांच्या वाट्याला येत नाही, तेव्हा त्या आशेवर राहू नकोस. दोन कामांमधले रिकामे महिनेही या धंद्यात येतातच. त्यांची सोय आधीच करून ठेव.

आता जे तुला कधी सांगितलं नाही, ते सांगते. माझ्या सुरुवातीच्या एका फिल्ममध्ये एक म्हातारे गृहस्थ होते. "भावाशी शेवटचं कधी बोललात?" असं विचारल्यावर ते सात सेकंद गप्प राहिले आणि मग म्हणाले, "आठवत नाही." सीन रेंगाळतोय असं वाटून मी ते सात सेकंद काढले. वर प्रेक्षकांमधल्या एका बाईचा शॉट टाकून जोड झाकला. कट इतका सफाईदार बसला की मी स्वतःवरच खूश होते. फिल्म दाखवली तेव्हा गृहस्थ आले होते. नंतर मला म्हणाले, "शब्द माझेच आहेत हो, पण मी असं नाही म्हणालो." रागावले असते तर बरं झालं असतं. माझ्या कटमुळे भावाची पर्वा नसलेला माणूस पडद्यावर दिसत होता. पिक्चर लॉक होऊन गेलं होतं, म्हणजे दृश्यांचं संकलन कायम झालं होतं. आवाजाचं मिक्सिंगही झालं होतं. काही बदलता आलं नाही.

दिग्दर्शकाने नंतर रशेस, म्हणजे मूळ न कापलेलं फुटेज, काढून लॉग पाहिला. त्यात त्या जागी मी एवढंच लिहिलं होतं : 'भावाबद्दल, आठवत नाही म्हणतात.' सात सेकंदांचा उल्लेखच नव्हता. म्हणजे एडिटिंगला बसण्याच्या कितीतरी आधी, लॉग लिहितानाच मी ते कापून टाकले होते.

तेव्हा टाइमकोडपुढे, म्हणजे फुटेजवरच्या वेळेच्या आकड्यापुढे, नुसते शब्द लिहू नकोस. कोण कुठे थांबलं, किती वेळ, नजर कुठे होती, हेही लिही. वेळ लागतो, सहाचे आठ आठवडे होतील. होऊ देत.

आणि फुटेजच्या दोन प्रती एकाच कपाटात ठेवू नकोस, हे तिसऱ्यांदा सांगतेय.

तुझी,
आई